गच्चीवरची घोळभाजी

“वहिनी, तुझ्या पोरीनं गच्चीवर घोळभाजी मस्त लावली हो. म्या पूर्ण शेंडे खुडून आणले.”

पवनीहून महिनाभर राहायला आलेली आत्या स्वयंपाकघरात आईला सांगत होती. मी जिन्याच्या शेवटच्या पायरीवर उभी होते. आमच्या गच्चीवर घोळभाजी कधीच नव्हती.

होतं ते ऑफिस टाइमचं फुलझाड. नागपूरच्या होस्टेलवरून कंपासपेटीत घालून आणलेल्या एका काडीपासून मी ते रंगाच्या पाच रिकाम्या बादल्यांत वाढवलं होतं. पानं घोळभाजीसारखीच, जाडसर. सुरुवातीला मी रोज प्रेमानं पाणी घातलं, तर ते सडलं. उरलेल्याकडे लक्ष देणं सोडलं, तर आमच्या लाखनीच्या भर मे महिन्यातही ते बादलीबाहेर पसरलं. (आमचं तेव्हापासून जमलं.)

फूल दहाला उमलतं, दुपारी मिटतं. साडेनऊला बाबा ऑफिसला जातात आणि आई बँकेत. रविवारी दोघं शेतावर. गच्चीवर कुणी आलंच, तर संध्याकाळी कपडे काढायला. त्यामुळे दोन वर्षांत ती गुलाबी फुलं पाहणारी मी एकटीच. मी घरून काम करते. म्हणजे दिवसभर लॅपटॉपला ‘यस, शुअर’ म्हणते.

आत्याही संध्याकाळीच वर गेली होती. जिन्यात ऐकलं तेव्हाच मी सांगायला हवं होतं. पण मी वाक्य जुळवेपर्यंत लसणाची फोडणी बसली.

जेवताना मनात आलं, हे विषारी असलं तर? मांडीवर मोबाइल ठेवून शोधलं. नेटवर्क गोल गोल फिरत राहिलं. बाबांनी दुसऱ्यांदा भाजी घेतली. बाजारच्या भाजीला अशी चव नसते, म्हणाले. माझं वाक्य अजून जुळत होतं. शेवटी मीही चार घास खाल्ले. कित्येक दिवसांनी आम्ही सगळे एकत्र जेवत होतो. मागे एकटीच उरले असते, तर फारच अवघड झालं असतं.

खाल्लं तरी चालतं, असं मोबाइलनं कळवलं तेव्हा ताटं घासून झाली होती.

“भाजी ठीक आहे,” हात पुसत आत्या म्हणाली, “पण एखादं फुलाचं झाड लाव ना पोरी. गच्ची उदास दिसून राहिली.”

मी “हो” म्हणाले.

त्या रात्री मी तिच्यावर मनातल्या मनात खूप रागावले. पण शेंडे खुडले की ते झाड दुपटीनं फुटतं, हे मला कुठे माहीत होतं? मी आजवर त्याला कात्री लावायलाही घाबरत होते. पंधरा-वीस दिवसांत पाचही बादल्या दिसेनाशा झाल्या. नुसता गुलाबी रंग.

रविवार होता. उन्हाळी धान निघालं होतं, म्हणून सगळे घरीच. साडेदहाला मी जिना उतरले, प्रत्येक पायरीवर तेच घोकत: माझी फुलं बघायला या. खाली बाबा पेपरात, आई टीव्हीत, आत्या तांदूळ निवडण्यात. एवढ्या उन्हात फुलांसाठी जिना कोण चढणार? तिघांनी वर पाहिलं.

“आत्या,” मी म्हणाले, “घोळभाजी पुन्हा आली. माझ्या एकटीच्यानं खुडणं होत नाही. सगळेच वर चला ना.”