नागोरावअण्णाचं राजेपण

नाटकवाल्यांत चार दिवस राहिलं की किस्से अंगाला चिकटतात आणि चेहऱ्याच्या रंगासारखे धुतले जात नाहीत. सीमाभागातल्या संतपूरच्या आमच्या नाटक मंडळीत मी मेकअप करायचो. माझ्याजवळचे निम्मे किस्से एकट्या नागोरावअण्णाचे.

अण्णा बौद्ध घरचा. उंचापुरा, आणि माईक बंद पडला तरी शेवटच्या माणसाला ऐकू जाईल असा आवाज. वर्षानुवर्षं त्याला खलनायक नाहीतर पहारेकरी. एकदा तरी राजा व्हायचं, एवढीच त्याची हौस. मॅनेजर म्हणे, "अण्णा, खलनायक झकास करायलास की. कामून बदलायचं?"

*

कमलनगरच्या प्रयोगात त्यानं नायिकेच्या म्हाताऱ्या बापाला चाबकानं झोडपलं. सकाळी हॉटेलवाला त्याला चहा देईना. "म्हाताऱ्याला मारतूस व्हय रे?"

अण्णा एकदम खूश! मला म्हणाला, "माझ्या कामामुळं मला चहा नाकारणारा हा पहिलाच माणूस."

*

पुढं तो मुंबईला गेला. सिनेमात गुंडाचा रोल मिळाला. तिथं म्हणाले, तुमचं मराठी कानडी वाटतं. आवाज दुसऱ्याचा घातला. मग बेंगळूरला कानडी सिनेमा मिळाला. तिथं म्हणाले, तुमचं कानडी मराठी वाटतं. तिथंही आवाज दुसऱ्याचाच.

गावात तंबू टॉकीजला सिनेमा लागला. त्याची आई बघून आली आणि म्हणाली, "तोंड तुझंच हाय. आवाज घरीच ठिवून गेलतास व्हय?"

"आये, दोन्ही राज्यांत माझं तोंड चालतंय. बोलणं कुणालाच नको."

*

टीव्ही आल्यावर सीरियलमध्ये काम मिळालं, ते मढ्याचं. अंगावर चादर, बाहेर नुसते पाय. पंचायतीच्या टीव्हीपुढं सगळं गाव हसलं. त्याची बायको तेवढी हसली नाही. म्हणाली, "पाय वळखले मी."

त्यानंतर अण्णा मुंबईला गेलाच नाही. परत आमच्यात आला, परत पहारेकरी झाला.

*

मग एका गावी आमचा राजा तापानं आडवा पडला. बाकी कुणाला संवाद येत नव्हते, अण्णाला सगळ्यांचे पाठ. मॅनेजरचा नाइलाज झाला. मी मुकुट चढवला तेव्हा अण्णानं तो दोनदा आरशात बघून घेतला.

आमच्याकडं रीत अशी, की राजा सिंहासनावर बसला की गावच्या पाटलानं स्टेजवर येऊन त्याला हार घालायचा, मगच नाटक सुरू. पाटील वर आला. जवळ येताच त्यानं अण्णाला ओळखलं, कुणाच्या घरचा तेही. उचललेला हार त्यानं सिंहासनाच्या दांडीला अडकवला, सिंहासनाला नमस्कार केला आणि वळला.

अण्णा उठला. मुकुट काढून त्यानं सिंहासनावर ठेवला. माईक बाजूला सारला.

"पाटील, मान खुर्चीला दिलात न्हवं? आता पार्ट बी तिच्याकडूनच करून घ्या."

आणि लोकांमधूनच चालत तो स्टँडकडं निघून गेला.