बूट सगळ्यांचे होते

"काढ."

ड्रिल मास्तर एवढंच बोलले. माझा उजवा पाय बुटात अर्धा गेला होता. टाच अजून बाहेर होती. नागपूरच्या मैदानाच्या कडेला, कडुलिंबाच्या सावलीत मी खाली बसलेलो आणि मास्तर माझ्यापुढं उभे. आजूबाजूला आमच्या शाळेची पोरं. पलीकडं वर्ध्याची, यवतमाळची, अमरावतीची पोरं. सगळी बघत होती.

मी काढला.

कोणी मारलं नाही. शिवी दिली नाही. एक शब्द, बस. हात आपोआप खाली गेला आणि पाय बाहेर आला. बूट मी बाजूला ठेवला. नीट ठेवला, सरळ, कोणाच्या मालाला धक्का लागू नये तसा.

देश स्वतंत्र होऊन दहा-अकरा वर्षं झाली होती. त्या साली सगळ्या हायस्कुलांत सांगितलं गेलं की परदेशात पोरांच्या फुटबॉलचे मोठे सामने होणार आहेत. अठराच्या आतली पोरं, पण प्रत्येक देशाची टीम. आपल्या देशाचीही जाणार. नागपूरला निवड होईल, तिथून मुंबई, आणि मुंबईत जो टिकेल तो बोटीत बसणार. आम्ही बोट चित्रातसुद्धा धड बघितली नव्हती.

मी मंगरूळपीरच्या शाळेत होतो. गाव माझं शेलूबाजाराजवळचं. गावात शाळा चौथीपर्यंत, म्हणून मावशीकडं मंगरूळला राहायचो. मावशी शिंदीचे फडे, म्हणजे झाडू, बांधून बाजारात विकायची. बाप गावात डफडं वाजवायचा. लग्न असो, मयत असो, पोळा असो, बाप पुढं. आम्ही मांग. हे मला कोणी वेगळं सांगायची गरज पडली नाही. पाण्याच्या माठाजवळ गेलं की कळत होतं.

फुटबॉल ड्रिल मास्तरांनी आणला. ते अमरावतीत शिकलेले. एकदा एक पोरगा तापानं पडला, जागा रिकामी होती, मास्तरांनी मला उभं केलं. त्यानंतर मला कोणी काढलं नाही, कारण काढलं की शाळा हरायची. मी पळायचो. मला पळता यायचं एवढंच मला माहीत होतं. चेंडू पायाशी आला की आजूबाजूचं सगळं बोलणं बंद पडायचं. मांग कोण, देशमुख कोण, काही ऐकू यायचं नाही.

चेंडू माझ्या पायाला लागला तर चालायचं. डोक्याला लागला तर चालायचं. तोच चेंडू मग दुसऱ्याच्या छातीवर. चालायचं. पण मी गोल मारला की पोरं माझ्याकडं धावत यायची आणि दोन हातांवर येऊन थांबायची. तिथूनच टाळ्या. रहीम तेवढा लांबून, आमच्या गोलातून पळत यायचा आणि येऊन गळ्यात पडायचा. दर्ग्याजवळ राहायचा तो. त्याचा बाप टांगा हाकायचा.

आम्ही सगळे अनवाणीच खेळायचो. मग कापसाच्या एका जिनवाल्या शेटजीनं शाळेला बूट दिले. पेटीभर. सगळ्यांना पुरतील एवढे. मास्तरांनी पेटी उघडली, पोरं तुटून पडली. मीही पुढं झालो.

"तू थांब," मास्तर म्हणाले.

थांबलो. सगळ्यांचे घालून झाले. पेटीत जोड उरले होते. मी बघत होतो, मास्तरांनाही दिसत होतं की मी बघतोय. त्यांनी झाकण लावलं.

"हे बघ," ते समजावणीच्या सुरात म्हणाले, "बूट सगळ्यांचे आहेत. आज याच्या पायात, उद्या त्याच्या. तू घातलेस, तर मग ते कोण घालणार?"

रागावले नाहीत. उलट खांद्यावर हात ठेवल्यासारखं बोलले. हात काही ठेवला नाही.

सगळ्यांचे. मी त्या शब्दावर खूप दिवस अडकून राहिलो. सगळ्यांमध्ये मी का नाही, हे विचारायचं होतं. विचारलं नाही. कायदा झालेला होता, शाळेच्या भिंतीवर मोठ्या अक्षरात लिहिलेलं होतं की शिवाशीव पाळणं गुन्हा आहे. त्या भिंतीला टेकूनच पेटी ठेवलेली असायची.

अकोल्याचा सामना मी अनवाणी खेळलो. आम्ही जिंकलो. तिथं नागपूरहून एक साहेब आले होते, डोक्यावर हॅट. ते मास्तरांना म्हणाले, "तो बिनबुटाचा पोरगा नक्की आणा." हे मी कानानं ऐकलं. त्या रात्री मावशीला सांगितलं. मावशी म्हणाली, "बोटीत म्हणे पोटात ढवळते. लिंबू नेजो बापा संगं."

नागपूरला निघालो. मुर्तिजापूरपर्यंत मोटार, पुढं रेल्वे. आमच्या गावच्या देशमुखाचा पोरगा विनायकही होता. माझ्याच जागी खेळायचा, पुढं, उजव्या अंगाला. मी आल्यापासून तो बाहेर बसायचा. वाईट नव्हता तो. मुक्यासारखा असायचा माझ्याशी, एवढंच.

मैदानावर रांग लागली. तेच हॅटवाले साहेब एकेकाला बघत आले. माझ्यापुढं आले, ओळखलं, हसले. मग खाली बघितलं.

"याचे बूट?"

मास्तर म्हणाले, "त्याला सवय नाही, साहेब. अनवाणीच बरं खेळतो."

"तसं नाही चालणार," साहेब म्हणाले. "तिकडची पोरं बूट घालून येतील. याचा पाय मोडतील. बूट घालून खेळणाऱ्यालाच बघायचं, असं वरून सांगितलंय. एखादा जोड असेल तर द्या याला. मी थांबतो." आणि ते पुढच्या शाळेकडं गेले.

जोड होता. पेटी तिथंच होती. मास्तर पेटीकडं गेलेच नाहीत. घड्याळ बघत उभे राहिले.

तेव्हा रहीमनं खाली बसून आपले बूट काढले. माझ्याकडं ढकलले.

"घाल बे. मी गोलात उभा राह्यतो, मले काय काम त्याचं? घाल लवकर, साहेब येऊन राह्यला."

मी बसलो. पाय घातला. आत ऊब होती, रहीमच्या पायाची. आयुष्यात पहिल्यांदा पायात बूट जात होता.

तेव्हा मास्तर म्हणाले, "काढ."

रहीम म्हणाला, "सर, माझे आहेत ते, मी देतो ना."

"तुझे नाहीत. शाळेचे आहेत."

साहेब परत आले तेव्हा मी रांगेत नव्हतो. त्यांनी इकडंतिकडं बघितलं, मास्तरांना काही विचारलं. मास्तर काय बोलले ते ऐकू आलं नाही. साहेबांनी मान हलवली आणि शिट्टी फुंकली. एक मोठा माणूस, हॅटवाला, दोन पावलं चालून मला विचारू शकत होता. त्यानं विचारलं नाही. मीही ओरडलो नाही. तोंडात जीभ होती, पण ती माझी नव्हती.

माझ्या जागी विनायक खेळला. बरा खेळला, खोटं कशाला बोलू. निवडून आला. मुंबईला जायला नाव निघालं.

परतीच्या गाडीत आमच्याबरोबर आलेले हेडमास्तर माझ्यासमोर बसले. चांगले गृहस्थ. फी माफ केली होती त्यांनी माझी. म्हणाले, "मनाला लावून घेऊ नकोस. पुढच्या वर्षी बघू." पुढच्या वर्षी मी अठरा ओलांडणार होतो. त्यांना माहीत होतं. मी "हो सर" म्हणालो. चांगल्या माणसांना आम्ही नेहमी हो म्हणतो.

सुट्टीत गावी गेलो. दुसऱ्याच दिवशी सकाळी देशमुखाचा माणूस आमच्या घरापुढं उभा राहिला. विनायकची मिरवणूक काढायची होती. पोरगा परदेशी खेळायला चालला, गावाचं नाव काढलं. "दोन डफडी पाह्यजेत," तो बापाला म्हणाला. दुसरं डफडं काकाचं, पण काका कामाला मुलूख सोडून गेला होता. बापानं माझ्याकडं बघितलं.

मी नागपूरचं घरी काही सांगितलं नव्हतं. काय सांगणार? निवडीत पडलो, एवढंच सांगितलं होतं. बापाला वाटलं, पोरगा खेळात कमी पडला. त्याचं त्याला एवढं काही नव्हतंही.

गेलो. मारुतीच्या पारापुढं बैलगाडी सजवली होती. बैलांच्या शिंगांना बेगड. विनायक वर, गळ्यात हार. आणि पायात तेच शाळेचे बूट, पॉलिश केलेले. माणसं गुलाल उधळत होती. बापानं शेकोटीवर डफडं शेकून घेतलं, सुरुवात केली. मी साथ धरली.

पारापासून देशमुखाच्या घरापर्यंत रस्ता काही फार नाही. आम्ही दोघं पुढं, उलटं चालत, तोंड गाडीकडं. डफडं वाजवणाऱ्यानं मानकऱ्याला पाठ दाखवायची नसते. म्हणून मला सगळा वेळ विनायककडंच बघावं लागत होतं. तो माझ्याकडं बघत नव्हता. गुलालानं डोळे भरल्यासारखं करत होता.

अर्ध्या रस्त्यात माझा हात थांबला.

मी ठरवून थांबवला असं म्हणायला मला आवडलं असतं. तसं नव्हतं. काडी वर गेली आणि खाली आली नाही. मग मी डफडं गळ्यातून काढलं आणि जमिनीवर ठेवलं.

बाप वाजवता वाजवता म्हणाला, "काय झालं? काहून थांबला?"

मी मोठ्यानं बोललो. सगळ्यांना ऐकू गेलं.

"ही जागा माही होती. बूट देले नाहीत म्हणून गेली. मी वाजवत नाही."

आधी हशा पिकला. मांगाचं पोरगं म्हणे परदेशी जाणार. मग देशमुखाच्या माणसानं कानफटात मारली. मी पडलो नाही. विनायक गाडीतून म्हणाला, "मारू नका त्याले." आणि मग हळूच, जसं काही मला एकट्यालाच, "मी काय करू सांग? मी थोडंच मांगतलं?" त्याचं खरं होतं. त्यानं काही मागितलं नव्हतं. त्याला मागावं लागतच नव्हतं.

"वाजव," देशमुख बापाला म्हणाला.

बापानं माझ्याकडं बघितलं. मला वाटलं, थांबेल. एक क्षण खरंच वाटलं. बापानं वाजवायला सुरुवात केली. जोरात, दोघांचं एकट्यानं. मिरवणूक माझ्या दोन्ही बाजूंनी पुढं गेली. मी उभा.

संध्याकाळी निरोप आला. पोरानं येऊन पाया पडून माफी मागावी, नाहीतर खळ्यावर बलुतं मागायला उभं राहू नका. बाप म्हणाला, "जाय बापा. पाया पडलं त काय झिजते?"

माय चुलीपाशी होती. ती कधी बापापुढं बोलायची नाही. म्हणाली, "त्याचं काय चुकलं थे आधी सांगा. मंग तो जाईन."

बाप भिंतीकडं तोंड करून बसला. मला वाटलं रागावला. जवळ गेलो तर रडत होता. माझ्यासाठी की बलुत्यासाठी, मला आजही माहीत नाही.

मी गेलो नाही. बलुतं बंद झालं. लग्नाची सुपारी दुसऱ्या गावच्यांना जायला लागली. मावशीवर भार नको म्हणून शाळा सुटली. आम्ही अकोल्याच्या बाजूला रस्त्यावर गिट्टी फोडायला गेलो. तिथं रहीम एकदा भेटला. सांगत होता, विनायक मुंबईहून परत आला, तिथं घेतलं नाही त्याला. आपल्या देशाची टीम गेली की नाही, गेली तर जिंकली की हरली, हे आम्हा दोघांनाही माहीत नव्हतं. मला त्यातून काही सुख झालं नाही. विनायकच्या पडण्यानं मी थोडाच उठणार होतो.

कामावरच्या मुकादमाच्या पोरीचं लग्न निघालं. दुपारी भाकर खाताना तो माझ्याजवळ आला. गोड बोलला.

"तुमी मांग ना रे? डफडं येते का तुले?"

बाप पलीकडं बसला होता. त्यानं घास हातातच धरला.

"येते," मी म्हणालो.

"मंग परवा ये घेऊन. पोटभर जेवण भेटन."

"येते. पण वाजवणार नाही."

"कायले?"

"वाजवणार नाही."

त्याला वाटलं त्याला नीट ऐकू आलं नाही. त्यानं पुन्हा विचारलं. मी पुन्हा तेच सांगितलं, बसल्या जागेवरून, त्याच्या तोंडाकडं बघून. दुसऱ्या दिवशी आम्हाला कामावर घेतलं नाही. सामान डोक्यावर घेऊन आम्ही पुढच्या कामाकडं निघालो. बाप मागं, माय मध्ये, मी पुढं. पुढच्या मुकादमाच्या घरीही लग्न असणार, त्याच्या पुढच्याही. तिथंही मला विचारतील.

विचारू देत. येते म्हणीन. वाजवणार नाही.