ज्या हिरीचं त्या हिरीत

ॲम्फिपॉड म्हणजे कोळंबीचे लांबचे भाऊबंद. सांगलीकडच्या जुन्या विहिरींत त्यांतले पांढरे, बिनडोळ्यांचे, तांदळाच्या कणीएवढे जीव सापडतात. कुठल्या विहिरीत कुठली जात, याचा तक्ता करणं हे माझं काम.

कडेगावजवळच्या एका मळ्यात दोन विहिरी होत्या. पहिलीत काही मिळालं नाही, म्हणून मी ओली जाळी तशीच दुसरीकडे नेली. तिथे एक जैन आजी घागरीच्या तोंडाला दुपदरी फडकं लावून पाणी गाळत होत्या. गाळून झाल्यावर त्यांनी फडकं उलटं करून पोहऱ्यात खळबळलं आणि तो दोराने थेट पाण्याला टेकेपर्यंत खाली सोडला. जीवांना वरून फेकायचं नाही, उतरवायचं.

माझी जाळी पाहून त्या म्हणाल्या, "आवं, ती आधी धुवा. त्या हिरीतला जीव ह्या हिरीत नगं. पाणी सारखंच दिसतंय, पर त्येंचं घर वायलं असतंय."

मी ओशाळलो. वर्गात मी हेच शिकवतो.

जाळी धुऊन आणली, फिरवली आणि एक जीव मिळाला. आजींनी चष्मा पुसून बाटलीत बराच वेळ पाहिलं.

"डोळं न्हाईत व्हय ह्येला?"

"नाहीत."

"मग परत कवा आणून सोडणार?"

माझ्या दुसऱ्या हातात नमुना मारून टिकवायचं स्पिरिट होतं. पोहरा आजींनी वर ओढून काठावर ठेवला होता. बाटली मी त्यात ओतली आणि आजींनी दोर सोडला.

घरी येऊन तक्त्यात त्या विहिरीपुढे मी लिहिलं: आढळला नाही.