पदराच्या कोपऱ्यातले लाल टाके

आमच्या शेळगावच्या वस्तीवर ट्रॅक्टरच्या शेडपासून लिंबाच्या झाडापर्यंत एक तार ओढलेली होती आणि तिच्यावर कायम एकसारख्या तीन साड्या वाळत असायच्या. एक थोरल्या चुलतीची, एक आईची, एक धाकटीची. दिवाळीच्या तोंडावर आजी इंदापूरला जायची आणि तिन्ही सुनांना एकाच रंगाच्या, एकाच नक्षीच्या साड्या घेऊन यायची. सुनांना दुकानात न्यायची पद्धतच नव्हती. "येगळ्या आणल्या की रुसवं-फुगवं हुत्यात," असं ती म्हणायची, आणि तिच्यापुढं हूं की चूं करायची घरात कुणाची टाप नव्हती. लग्नाकार्यातल्या फोटोंत या तिघी पाठमोऱ्या असल्या, की त्यातली माझी आई कोणती हे मलासुद्धा सांगता येत नाही.

आईनं मात्र एक युक्ती काढली होती. नवी साडी आली की ती पदराच्या आतल्या कोपऱ्यात लाल दोऱ्याचे दोन टाके घालायची, फुलीसारखे. लांबून काही दिसायचं नाही. संध्याकाळी तारेवरचे कपडे काढताना ती एकेक कोपरा चिमटीत धरून बघायची आणि आपली साडी बरोबर ओढून घ्यायची. मी लहान असताना तिला विचारलं होतं, सगळ्या सारख्याच तर आहेत, कुठलीही नेसलीस तर काय बिघडलं?

"बिघडतंय काय! पण माझी ती माझी हाय की," ती म्हणाली.

एवढ्या ठसक्यात ती आणखी काही बोलल्याचं मला आठवत नाही. त्या टाक्यांचा मला फार अभिमान वाटायचा. शाळेत कुणी आईविषयी विचारलं की मी हेच सांगायची.

बाकी तिचं सगळं दुसऱ्यांनीच ठरवलं. भाजी कोणती करायची ते आजी सांगायची. माहेरी कधी जायचं, कधी परतायचं तेही आजीच, आणि आजीनं सोडलेलं काही उरलंच तर ते वडील. शेजारीण हळदीकुंकवाला बोलवायला आली तरी आईचं उत्तर ठरलेलं असायचं, "इचारून सांगते." आम्ही भावंडं तिची नक्कल करायचो, आणि तीही आमच्याबरोबर हसायची.

मी शिकले आणि बारामतीत एका कॉलेजात मानसशास्त्र शिकवायला लागले. स्वायत्ततेचा धडा आला की मी मोठ्या तोऱ्यात सांगते, स्वतःचं स्वतः ठरवायची माणसाला भूक असते. पोरं निमूटपणे लिहून घेतात. ती भूक वर्षानुवर्षं मारली तर मरून जाते का, असं एकाही पोरानं अजून विचारलेलं नाही. विचारलं तर मी काय सांगणार आहे, देव जाणे.

आधी वडील गेले, मग आजी गेली आणि चुली वेगळ्या झाल्या. आईच्या वाट्याला पुढच्या दोन खोल्या आणि तिचा स्वतःचा गॅस आला. ऊस चुलते बघायला लागले. मला वडिलांचं, आजीचं दुःख होतंच, पण खरं सांगते, मनात आलं, सुटली बाई एकदाची.

पुढच्या सुट्टीत गेले तर सकाळी आई मधल्या भिंतीपाशी उभी. पलीकडं थोरल्या चुलतीला विचारत होती, "अक्का, आज काय टाकलंय?"

"वांगं," पलीकडून आवाज आला.

आई आत आली आणि वांगी चिरायला बसली. तिला वांगं सोसत नाही, खाल्लं की अंगावर पित्त उठतं, हे साऱ्या वस्तीला ठाऊक आहे. माझं डोकंच फिरलं. मी म्हणाले, "अगं, आता तरी तुला आवडेल ते कर ना!"

विळी तशीच ठेवून ती माझ्याकडं बघत राहिली. "मला काय आवडतंय गं?" तिनं विचारलं. चेष्टेनं नाही, खरंच विचारलं.

त्या दिवशी मला पहिल्यांदा भीती वाटली. हिनं जायच्या आधी एकदा तरी आपल्या मनानं काहीतरी मागावं, एवढंच मला हवं होतं. काहीही चाललं असतं.

दिवाळीआधी मी तिला बारामतीला माझ्याकडं आणलं आणि साडीच्या दुकानात घेऊन गेले. बाहेरच बजावलं, आज मी तोंड उघडणार नाही. गादीवर ती अंग चोरून बसली. दुकानदार भला माणूस, साड्यांवर साड्या उलगडत होता. "मावशी, फक्त कलर सांगा, बाकी माझ्यावर सोडा."

आई माझ्याकडं बघायला लागली. मी मान फिरवली.

"तू सांग की," ती हळूच म्हणाली.

"नाही. तुला आवडेल ती."

तिनं एका हिरव्या साडीवर हात ठेवला. पण लगेच तिनं माझा चेहरा पाहिला, त्यावर काही सापडलं नाही आणि तिनं हात काढून घेतला. पंख्याखाली बसूनही तिला घाम फुटला होता. समोर एवढा ढीग, आणि माझी आई हरवलेल्या लेकरासारखी भेदरून बसलेली. शेवटी तिनं पिशवीतून मोबाइल काढला आणि माझ्याकडं दिला, "अक्कांना लाव."

मी लावून दिला.

"अक्का, तुमी औंदा कुठली घेतलीया?... व्हय का? जांभळी? काठ कसला हाय?"

जांभळी घेतली. दुकानदारानं पिशवी भरली, मी पायऱ्या उतरून रस्त्यावर येऊन उभी राहिले. रडू येत होतं आणि संतापही येत होता, तिचा की आजीचा की माझा, ते मला कळेना.

घरी आल्यावर मीच सुई-दोरा शोधला. लाल दोरा ओवून तिच्या हातात दिला. म्हटलं, निदान हे तरी अजून तिचं आहे. पदराचा कोपराही काढून समोर धरला.

तिनं सुईकडं पाहिलं आणि हसली. "आता कशाला? अक्कांची तार निराळी, माझी निराळी. माझ्या तारंवर माझी एकटीचीच असती. मिसळायला हाय कोण?"

तिनं साडीची घडी घातली, सुई डबीत ठेवली, डबी जागेवर ठेवली. मग खुर्चीच्या कडेला टेकून, हात मांडीवर घेऊन, माझ्याकडं बघत बसून राहिली. बाहेर अंधारून आलं.

"जेवायला काय करू?" तिनं विचारलं.

तुला हवं ते कर, हे शब्द माझ्या ओठांवर आले होते. तिच्या डोळ्यांत पुन्हा दुकानातली ती भीती दाटून येताना मला दिसली, आणि मी हात टेकले.

"भेंडी कर," मी म्हणाले.

तिचा चेहरा एकदम सैल झाला. ती चटकन उठली आणि पदर खोचून ओट्याकडं गेली.