बेलभंडार उचलला तो हात

खोटं मी बोललो होतो. परंदवडीच्या चावडीत, बेलभंडार उचलून.

माझं पागोटं पाटलांच्या पायाशी होतं. मीच ठेवलं होतं. माझी धाकटी बहीण सोना त्यांची सून. तिचा नवरा मुंबईला गिरणीत गेला तो गेलाच. जत्रेला यायचा, तिच्याकडे पाठ करून जेवायचा, परत जायचा. आमच्यात अशा वेळी नवरा पंचांपुढे काडी मोडतो आणि बाई मोकळी होते. तिचा दुसऱ्याशी पाट लावता येतो. तेवढंच मागायला मी गेलो होतो.

पाटलांनी काठीच्या टोकानं पागोटं बाजूला सारलं.

"लोनावळ्याच्या टेसनात सांधेवाला न्हवं का तू? लोकांच्या गाड्या रुळावर घालतुस, आन् येक बहीन घालता येईना?"

चावडी हसली. मीही हसलो. ते हसू अजून तोंडात कडू लागतं.

"काडी मोडायची ती पुरुषानं. त्यो हाय मुंबईला. आन् मोडली तर म्हशीचं शेण कोण काढंल? तुजा गोरा सायेब?"

मग पंचांतला एक म्हातारा म्हणाला, "तू मुंबईला जाऊन आलास न्हवं? पोरगा काय म्हनला? भंडार उचलून सांग."

चाळीच्या गॅलरीत तो माझ्या तोंडावर म्हणाला होता, "मला ती नगं. कवाच नगं." पण पाटील काडी मोडू देणार नव्हते; खरं सांगितलं असतं तर सोना नुसती टाकलेली ठरली असती, आणि घरात माझी मुलगी लग्नाची होती. टाकलेल्या बाईच्या भावाची मुलगी कोण करणार? पाटील माझ्याकडे बघत होते. मी बेलाचं पान आणि भंडारा हातात घेतला.

"खोली मिळाली की नेतो म्हनला."

सोना खांबाआड उभी होती. तिला कुणी काही विचारलं नाही. मीसुद्धा नाही.

त्या दिवशी ती माझ्याबरोबर माहेरी आली नाही. पाटलांच्या गोठ्यात गेली. तिथंच राबली, तिथंच निजली. माझ्या मुलीचं लग्न चांगल्या घरी झालं. सवाष्णींच्या पंगतीत सोनाला कुणी बसवलं नाही. ती उष्ट्या पत्रावळी उचलत होती. गळ्यात मंगळसूत्र होतं.

वर्षं गेली. मग एक दिवस स्टेशनातल्या तारबाबूंनी पेपर वाचून सांगितलं, नवा कायदा आला. नवऱ्यानं सलग चार वर्षं टाकलेल्या बाईला कोर्टातून सोडचिठ्ठी मिळते. काडी लागत नाही, पंच लागत नाहीत. मी रजा काढून वडगावला वकिलाकडे गेलो.

"अहो, मावळातले निम्मे नवरे मुंबईला आहेत," वकील म्हणाले. "सगळ्यांनी बायका टाकल्या म्हणायचं का? सासरचे सांगतील, मुलगा पोटासाठी गेलाय, सून घरात नांदतेय. 'नको' असं तो कुणापुढं बोललाय?"

"माज्यापुढं."

"पंचांना सांगितलंत हे?"

"उलटंच सांगितलं. ह्याच हातानं भंडार उचलून."

"म्हणजे आधी स्वतःला खोटं ठरवावं लागेल तुम्हाला," ते म्हणाले. "भर कोर्टात. तरी निकालाची खात्री मी देत नाही."

तिथून मी थेट परंदवडीला गेलो. पाटील ओसरीवर होते.

"काय रं सांधेवाल्या, पागोटं डोक्यावरच? इसारलास व्हय?"

मी काढलं नाही. त्यांच्यासमोरून गोठ्यात गेलो. सोना शेण भरत होती. केस पांढरे झाले होते. माझ्या धाकट्या बहिणीचे. तिथं मी पागोटं काढलं आणि तिच्या पायाशी ठेवलं.

"सोने, त्यो माज्या तोंडावर 'नगं' म्हनला हुता. मी चावडीत खोटं बोललो. पोरीच्या लग्नापायी तुला हितं गाडली. तुला येका शब्दानं इचारलं न्हाई. माजं चुकलं."

तिनं हात थांबवले नाहीत. पाटी भरली.

"दादा, चावडीत खोटं बोललास, आन् खरं म्हशींपुढं बोलतुस व्हय? कोर्टात बोल."

"बोलनार हाय. म्हनून तर आलोय. पर तुला सुटायचंय का? तू सांग."

ती पहिल्यांदा माझ्याकडे वळली.

"व्हय."

पाटील गोठ्याच्या दारात येऊन उभे होते. त्यांनी सगळं ऐकलं होतं. बरं झालं. सोनाला घेऊन मी त्यांच्यासमोरून बाहेर पडलो. पागोटं तिनं उचललं नाही, मीही नाही. साक्षीच्या पिंजऱ्यात मी बोडक्यानं उभा राहणार आहे आणि पहिलं वाक्य हेच बोलणार आहे, की खोटं मी बोललो होतो.