एक टक्का

भाजलेल्यांच्या वॉर्डात तिला सगळे टक्केवाली सिस्टर म्हणत. पेशंट किती भाजलाय ते ती दारातूनच सांगायची आणि डॉक्टरांनी मोजलं तरी आकडा क्वचितच चुकायचा. नव्या नर्सेसकडून ती दोन गोष्टी घोकून घ्यायची. बोटांसकट तळहात म्हणजे अंगाचा एक टक्का. तळहात पेशंटचा धरायचा, आपला नव्हे. आणि ओरडणाऱ्याआधी गप्प असेल त्याच्याकडे पळायचं. भाजणं खोल गेलं की नसाच जळतात, मग दुखणार काय, कपाळ?

घरी तिची मोठी जाऊ म्हणजे राईचा पर्वत करणारी बाई. बोटात काटा गेला तरी घर डोक्यावर घ्यायची. एका सकाळी कपडे इस्त्री करताना जाऊबाईंना भोवळ आली आणि हात तापलेल्या इस्त्रीखाली तसाच राहिला. शुद्धीवर आल्यावर त्या बाहेर आल्या आणि मनगट पुढे केलं. सिस्टर चपला घालत होती. तिने लांबूनच पाहिलं, अर्ध्या तळहाताएवढा पांढरट डाग.

"दुखतंय का?"

"नाही गं, काहीच कळत नाही."

"मग झालं तर. एक टक्कासुद्धा नाही."

हात पाण्याखाली धरा, असं सांगून ती ड्यूटीला गेली. कसं भाजलं, इस्त्री किती वेळ टेकली होती, हे तिने विचारलंही नाही. उलट आज एकदाची रडारड नाही, म्हणून तिला बरंच वाटलं.

तीन दिवस जाऊबाई कुरकुरल्या नाहीत, म्हणून हिनेही पाहिलं नाही. चौथ्या दिवशी त्यांची बोटं वळेनात, तेव्हा तिने मनगटाला बांधलेलं फडकं सोडलं. कातडी चामड्यासारखी कडक झाली होती. दाबलं तरी त्यांना कळत नव्हतं. ज्या चुकीसाठी ती वॉर्डातल्या पोरींना फाडून खायची, ती तिने स्वतःच्या घरात केली होती. तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

तिच्याच वॉर्डात, तिच्याच पोरींसमोर सर्जननी हात तपासला. मांडीची कातडी काढून लावावी लागेल, म्हणाले; बोटं पूर्वीसारखी वळतील की नाही, सांगता येत नाही. मग त्यांनी विचारलं, पहिल्या दिवशी कुणी पाहिलं होतं?

"घरी कुणी नव्हतं हो," जाऊबाई म्हणाल्या. "मीच अंगावर काढलं."

खोटं आयतं हाती आलं होतं आणि सिस्टरने क्षणभर ते घेतलंही. हातातल्या ट्रेकडे बघत ती उभी राहिली. त्या क्षणाची लाज तिला चुकीपेक्षा जास्त वाटली.

"मी पाहिलं होतं, सर. किरकोळ आहे म्हणून सांगितलं."

सर्जन पुढच्या खाटेकडे गेले. जाऊबाईंनी चांगल्या हाताने पदर ओढून तिला जवळ घेतलं.

"कशाला सांगितलंस गं? तू पाहिलंयस, म्हणून तर मी निर्धास्त होते."