रुथेनियन राहिली

तीस वर्षं मी नाशिकच्या एका शाळेत इतिहास शिकवला, आणि मला गप्प मुलं आवडत नाहीत. उलट बोलणारं पोरगं एक वेळ परवडलं. त्यामुळे निवृत्त झाल्यावर मी सिंगापूरला मुलाकडे तीन महिने राहायला गेलो आणि नऊ वर्षांची नात माझ्यासमोर तोंडाला कुलूप लावून बसू लागली, तेव्हा माझं डोकंच फिरलं.

मुलगा सकाळीच वन-नॉर्थच्या ऑफिसला जायचा, सून नोव्हेनाच्या हॉस्पिटलात. दुपारी शाळा सुटली की घरात आम्ही दोघंच. "शाळा कशी झाली?" "ओके." "खाली खेळायला जातेस?" "कॅनॉट लाह, होमवर्क." माझं इंग्रजी पुस्तकी, तिचं तिथल्या मातीतलं. मग मी वस्तू दाखवून तिची परीक्षा घ्यायचो. याला मराठीत काय म्हणतात? त्याला काय म्हणतात? ती खांदे उडवून टॅबमध्ये डोकं घालायची.

"तिला सगळं कळतं, बाबा," सून म्हणायची.

"कळतं, तर बोलत का नाही?"

शाळेच्या कागदांवर नातीची मातृभाषा हिंदी होती, कारण तिथल्या यादीत मराठी नव्हती. आमच्या घरात तर कोणाच्याच आईची भाषा हिंदी नव्हती. माझं मागणं फार नव्हतं. मी परत जाण्याआधी तिनं माझ्याशी आपणहून, मराठीत, चार वाक्यं बोलावीत, एवढंच.

गणपती जवळ आले तसे तिथल्या मराठी मंडळाचे दोघं जण घरी आले. "सर, तुम्ही रिकामेच आहात, तर मुलांचं एक नाटक बसवा." त्यांच्या डोक्यात गड आणि मावळे होते. मी कॉन्डोच्या, म्हणजे आमच्या सोसायटीच्या, फंक्शन रूममध्ये मुलं गोळा केली. अकरा मुलं, आणि सगळ्यांचं मिळून मराठी एका पोस्टकार्डावर मावलं असतं. एक जण म्हणाला, "हर हर महादेव, सर, वॉट इज दॅट?" मी मावळ्यांना तिथल्या तिथे रजा दिली.

मग मला माझा लाडका धडा आठवला, ज्याला माझे विद्यार्थी हमखास झोपायचे. ऑस्ट्रिया-हंगेरी! एक म्हातारा सम्राट, त्याच्या राज्यात अकरा तऱ्हेची माणसं, आणि एकाचं दुसऱ्याला कळत नाही. फौजेत हुकमापुरते ऐंशी-एक जर्मन शब्द सगळ्यांनी पाठ करायचे, बाकी ज्यानं त्यानं आपापल्या भाषेत कुरकुरायचं. आमच्या मुलांना यात अभिनय करायचीही गरज नव्हती. सम्राट दरबार भरवतो, एकेकाला विचारतो, "तुझं काय म्हणणं?" आणि प्रत्येकानं एकच गाऱ्हाणं मराठीत सांगायचं. बारा मिनिटांत खेळ खलास.

कोण कोणत्या जमातीचा, याची यादी मी पालकांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर टाकली आणि तासाभरात साम्राज्य पेटलं.

तांजोंग पगारच्या बँकेतले एक वडील म्हणाले, "सर, आमचा हंगेरियनच झाला पाहिजे. मी वाचलंय, हंगेरीचं पार्लमेंट वेगळं होतं." नागपूरच्या एक बाई म्हणाल्या, "आमचा स्लोव्हाक काहून? नाशिकवाल्यांचा जर्मन अन् विदर्भाचा स्लोव्हाक, हे नेहमीचंच आहे." आदल्या दिवसापर्यंत यांतल्या एकानंही स्लोव्हाकाचं नाव ऐकलं नव्हतं. हंगेरियनाला मिशी दिली तर चेकच्या आईनं मिशी मागितली. क्रोएटला तलवार मिळाली म्हणून सर्बानं भोकाड पसरलं. एकाला दिलं की दोघं मागतात, असं मी तीस वर्षं फळ्यावर लिहीत होतो, पण ते इतकं खरं असेल असं मलाही वाटलं नव्हतं. सम्राट कोणी व्हायचं यावर तर बोलणीच मोडली. शेवटी गालांवर कापसाचे कल्ले चिकटवून मीच सम्राट झालो.

राहता राहिला रुथेनियन.

"रुथेनियन म्हणजे काय हो?" एका आईनं विचारलं.

"साम्राज्याच्या पूर्वेकडचे. बहुतेक गरीब शेतकरी."

"नको मग."

वशिल्याचा आरोप नको म्हणून तो मी माझ्या नातीच्या गळ्यात मारला. तिला वाक्य दिलं, "आमच्या भाषेत शाळा हवी." तिनं कागद घेतला आणि म्हणाली, "ओके." चला, एकाची तरी तक्रार नाही, असं मला वाटलं.

तालमी चार रविवार चालल्या. मी घसा फुटेस्तोवर ओरडलो. त्याचा परिणाम असा झाला, की मुलं भराभर मराठी शिकली, पण माझं. एकानं व्हिडिओ कॉलवर पुण्याच्या आजीला दरडावलं, "हात मागे! तोंड बंद! सरळ उभी राहा!" आजी बिचारी गुडघे धरून उभी राहिली म्हणे. बँकेतल्या वडिलांचा संतापून फोन आला, "सर, पाहुण्यांसमोर मुलगा मला ठोंब्या म्हणाला."

"उच्चार बरोबर होता का?" मी विचारलं.

नात मात्र घरी गप्प ती गप्पच. माझे शेवटचे दहा दिवस उरले होते आणि मी मनातून हरलो होतो.

प्रयोगाला सभागृह खच्चून भरलं. पडदा उघडला आणि पहिल्याच मिनिटाला माझा डावा कल्ला सुटून तोंडात गेला. इटालियन आईला हात हलवत बसला. हंगेरियन आणि चेक यांची मिशीवरून जुंपली, आणि त्या झटापटीत दोन्ही मिशा स्लोव्हाकाकडे गेल्या. समोरून नागपूरच्या बाईंनी शिट्टी मारली. या गोंधळात मी कोणाकोणाला विचारलं, कोणाला नाही, काही कळेना. कसंबसं उरकलं आणि हात वर करून गरजलो, "दरबार बरखास्त!"

"थांबा!" मागून आवाज आला. "मी राहिले!"

नात तरातरा पुढे आली आणि कमरेवर हात ठेवून माझ्यासमोर उभी राहिली. "सगळ्यांना विचारलं, मला नाही विचारलं. घरी पण नाही विचारत! नुसतं याला काय म्हणतात, त्याला काय म्हणतात. मी काय डिक्शनरी आहे का?"

सभागृहात हशा आणि टाळ्या उसळल्या. लोकांना वाटलं, हे सरांनीच लिहिलंय. मी कल्ला हातात धरून उभा राहिलो. अडीच महिने मी तिला फक्त असे प्रश्न विचारले होते, ज्यांची उत्तरं मला आधीच येत होती. मला माझीच लाज वाटली.

"बोल बाळा," मी म्हणालो. आवाजात सम्राट उरला नव्हता. "तुझं काय म्हणणं?"

ती विचारात पडली. शाळेचं वाक्य विसरली असेल म्हणून मी ते ओठांनी सुचवलं. तिनं तिकडे साफ दुर्लक्ष केलं.

"मला भेंडी आवडत नाही," ती म्हणाली. "कधीच नाही आवडली. तुम्ही रोज करता. रोज! आणि इतके खूश होऊन वाढता, मग मी नाही कसं म्हणू?"

लोक हसून हसून खुर्च्यांवरून पडायचे बाकी होते. मी रोज सकाळी बाजारातून कोवळी भेंडी निवडून आणायचो, एकेक पुसून चिरायचो, दुपारी तिच्यासाठी कुरकुरीत परतायचो. माझ्या मुलाला लहानपणी आवडायची, म्हणून तिलाही आवडते असं मी परस्पर ठरवलं होतं. ती निमूटपणे ताट चाटूनपुसून खायची, आणि मी समजत होतो की या पोरीला माझ्याशी बोलायला काही नाही.

"मंजूर," मी म्हणालो.

पडदा पडला तरी ती थांबली नाही. टॅक्सीत बसल्यावर माझं घोरणं निघालं, माझी मोठ्यानं शिंकायची सवय निघाली, तिच्या मैत्रिणीला मी भिंतीकडे तोंड करून उभं केलं होतं तेही निघालं. निम्मं मराठी, निम्मं तिचं इंग्रजी. घर येईपर्यंत मी ऐकत राहिलो आणि तिचं एकही वाक्य दुरुस्त केलं नाही.